नव्व्याण्णव लाखांतलं पुणतांबं

आमच्या घरात व्हिडिओ गेम आला तो कानपिळीपायी. लग्नात नवरीच्या भावाने नवरदेवाचा कान पिळायचा आणि नवरदेवाने त्याला पोशाख द्यायचा, एवढाच तो विधी. पण माझ्या धाकट्या काकांच्या लग्नात काकूच्या भावाने कान धरला तो सोडेचना. नववीतला पोरगा. कापड नको म्हणाला, टोपी नको म्हणाला. श्रीरामपूरला एका दुकानाच्या काचेत त्याने व्हिडिओ गेम बघितला होता, तोच पाहिजे. मांडवात हशा पिकला. काकांचा कान लाल झाला होता, त्यामुळे ते ताबडतोब "देतो" म्हणाले. शेजारी आमचे आबा, म्हणजे माझे आजोबा, फेटा सावरत बसले होते. ते काकांपेक्षा मोठ्याने म्हणाले, "नुस्तं देतो न्हाई, चांगल्यातला चांगला देतो!"

आबांचं हे असंच असायचं. देवळाली प्रवऱ्यात आमचा ऊस बऱ्यापैकी होता, पण आबांचं खरं पीक म्हणजे शब्द. एकदा तोंडातून बाहेर पडला की ते त्याला पाणी घालून घालून वाढवत, आणि मग तो कुणालाही उपटू देत नसत.

काकांनी गेम आणला. पांढरा डबा, दोन रिमोट आणि वरून उभी खोचायची पिवळी कॅसेट. कॅसेटवर विमानं, रणगाडे आणि कराटेवाले यांची दाटीवाटीने छापलेली चित्रं, आणि खाली एक आकडा: ९९९९९९९ इन वन. मी तेव्हा पाचवीत होते. आबांनी तो आकडा माझ्याकडून वाचून घेतला. नव्व्याण्णव लाख नव्व्याण्णव हजार नऊशे नव्व्याण्णव.

"एवढे खेळ ह्याच्यात?" आबांनी कॅसेट हातात धरून तिचं वजन केलं. "मग एक कमी कशापायी ठिवला?"

मांडवपरतणीला, म्हणजे लग्नानंतर नवराबायको पहिल्यांदा माहेरी जातात तेव्हा, आबा तो डबा स्वतःच्या मांडीवर घेऊन पुणतांब्याला गेले. करवली म्हणून मीही होते. काकूच्या माहेरी पाहुण्यांनी भरलेल्या खोलीत आबांनी डबा उघडला आणि सांगून टाकलं, "नव्व्याण्णव लाख खेळ हायती. पोरानं रोज एक खेळला तरी नातवंडांस्नी पुरतील."

काकूचे एक चुलते होते, बोलायला तिखट. ते म्हणाले, "मग दावा की."

टीव्हीला वायर लागली. काकूचा भाऊ पडद्यावरच्या यादीची पानं पुढे सरकवू लागला, एकेक नाव उघडून दाखवू लागला. पहिलं पान झालं, दुसरं झालं. तिसऱ्या पानावर पहिल्याच पानावरचा कराटेवाला आला. नाव वेगळं, माणूस तोच. मग तेच विमान आलं, फक्त सुरुवातीपासून दोन बंदुका घेऊन. चुलते मोठ्याने म्हणू लागले, "ह्यो बघितला. ह्यो बी बघितला. ह्यो तर सकाळधरनं बघतोय." बायका तोंडाला पदर लावून हसायला लागल्या. शेवटी चुलते म्हणाले, "पाव्हनं, पोराला फसवलं तुमी. खेळ मूठभर, बाकी नुस्ती नावं."

ते चेष्टेत म्हणाले असावेत असं आज वाटतं. पण आबांच्या नाकावर माशी बसलेली त्यांना चालत नसे, आणि इथे तर सगळ्या पाहुण्यांसमोर बसली होती. ते उठले, टीव्हीची वायर स्वतःच्या हाताने ओढली, डबा उपरण्यात बांधला. "नव्व्याण्णव लाखांचा शब्द दिलाय. सगळे दावीन, मंगच हितं पाऊल टाकीन." पानं वाढून तयार होती. आम्ही जेवलो नाही. निघताना काकूचे वडील दारात उभे राहून म्हणाले, "मग आमचा मुराळी बी तवाच येईल."

मुराळी म्हणजे सासरच्या मुलीला सणाला न्यायला येणारा माहेरचा माणूस, बहुतेक भाऊच. तो आल्याशिवाय मुलीने आपल्या पायांनी माहेरी जायचं नाही, ही आमच्याकडची रीत. अशा रीतीने काकूची माहेरची वाट त्या पिवळ्या कॅसेटमध्ये अडकली. परतीच्या एस.टी.त काकू खिडकीशी बसली होती.

आबांना मनापासून वाटत होतं की पुढची पानं कुणी नीट बघितलीच नाहीत. एवढा मोठा आकडा कुणी उगाच छापत नाही, अशी त्यांची समजूत. छापलेल्या गोष्टीवर त्यांचा फार विश्वास. त्यांनी फर्मान काढलं की मी आणि काकूने रोज शाळा सुटल्यावर कॅसेट तपासायची आणि नवा खेळ सापडला की त्यांना सांगायचं. मला काय, आंधळा मागतो एक डोळा अशी गत! काकांना आबांसमोर तोंड उघडायची हिंमत नव्हती. ते कारखान्यात पाळीवर निघून जायचे आणि आम्ही दोघी टीव्हीसमोर बसायचो.

काकू बारावी झालेली होती. रिमोट धरायला शिकली ती दोन दिवसांत, आणि आठवड्याभरात माझ्या पुढे गेली. तिच्यासाठी तो खेळ नव्हताच. पान उलटलं की ती पुढे वाकायची, नवीन चित्र दिसलं की श्वास धरायची, आणि ते आधीचंच निघालं की "न्हाई गं," म्हणून मागे टेकायची. संध्याकाळी आबा पाय धुता धुता विचारत, "सापडला का?" काकू पाणी ओतत म्हणायची, "अजून न्हाई." मला तर वाटायचं सापडूच नये. सापडला तर गेम जाणार आणि काकूही जाणार. आमच्या घरात पोरं खूप होती, पण माझ्या शेजारी बसून माझ्याशीच बोलणारं मोठं माणूस तोवर कुणी नव्हतं.

पंचमी आली. आमच्या आळीतल्या लेकी माहेरपणाला आल्या, लिंबाला झोके बांधले गेले. काकूने आदल्या दिवशीच पिशवी भरून ठेवली होती. सकाळपासून एस.टी.चा आवाज आला की ती हातातलं काम तसंच ठेवून दारात यायची. मुराळी आला नाही. दुपारी तिने पिशवीतली लुगडी परत ट्रंकेत ठेवली, माझ्याजवळ येऊन बसली आणि म्हणाली, "लाव गं तो रणगाड्यांचा."

हा रणगाड्यांचा खेळ आमचा आवडता. खाली मधोमध विटांच्या कुंपणात एक पक्षी बसलेला असतो. वरून शत्रूचे रणगाडे येतात, आपण पक्ष्याला वाचवायचं. दोघांनी मिळून खेळता येतो. आमचा टीव्ही काळा-पांढरा असल्याने तिचा रणगाडा कोणता आणि माझा कोणता हेच कळायचं नाही, आणि आम्ही बऱ्याचदा एकमेकींवर गोळ्या झाडायचो. खेळ सुरू होण्याआधी तीन ओळी यायच्या. एकट्याचा, दोघांचा, आणि तिसऱ्या ओळीच्या वाटेला आम्ही कधी गेलो नव्हतो. त्या दिवशी काकूने ती वाचली. "बांधकाम," म्हणाली.

तिसरी ओळ निवडली की काळा मोकळा पडदा येतो. त्यावर आपणच बटण दाबून विटा लावायच्या, पाणी ठेवायचं, झाडं लावायची, पांढरे दगड बसवायचे. गोळीने वीट फुटते, दगड फुटत नाही. काकू थोडा वेळ नुसती बघत राहिली. मग तिने वरच्या बाजूला, या टोकापासून त्या टोकापर्यंत, पाणी भरायला सुरुवात केली.

"काय करतीस?"

"गोदावरी."

नदीच्या खाली तिने दगडांची रांग लावली, तो घाट. त्याखाली झाडं, मग देऊळ, मग विटांच्या दोन आळ्या, शाळा, एका कडेला उभी दगडांची ओळ म्हणजे रेल्वे. आणि खाली मधोमध पक्षी बसतो ते तिचं घर. तिथे तिला काहीच करावं लागलं नाही, कुंपण आयतंच होतं. मग आम्ही दोघांचा खेळ लावला. शत्रूचे रणगाडे वर आले आणि नदीपाशी अडकले. पाण्यातून त्यांना येता येईना. गोळ्या मारत होते, त्या पाण्यावरून यायच्या आणि घाटाच्या दगडांवर विझायच्या. पुणतांब्यात कुणालाच शिरता येत नव्हतं. खेळ म्हणून त्यात काही उरलंच नव्हतं.

"चल," काकू म्हणाली, "नदीवर जाऊन येऊ."

आणि तिचा रणगाडा पुढे, माझा मागे, असे आम्ही निघालो. ती सांगायची, ही आमची आळी. इथं पिठाची गिरणी. हितनं सरळ गेलं की शाळा, पर आपन देवळावरनं जाऊ. इथं माझी मैत्रीण ऱ्हायची, तिचं बी लगीन झालं. घाटावर पोचलो की ती थांबायची. खूप वेळ थांबायची. मी विचारायचे, "आता काय करायचं?" ती म्हणायची, "काय न्हाई. बसायचं जरा."

त्यानंतर रोज हेच. संध्याकाळी लाईट जायची आणि पडद्यावरचं पुणतांबं एका ठिपक्यात मिटून जायचं. दुसऱ्या दिवशी ती पुन्हा काढायची. कॅसेटमध्ये हा खेळ वेगवेगळ्या नावांनी पाच-सहा ठिकाणी होता आणि त्यातल्या काहींत रणगाडे चक्क पाण्यावरून चालत येत. चुकून तसला लागला की काकू खट्‌कन बंद करायची. "ही आमची गोदावरी न्हाई."

परवा माझ्या भाच्याने एका जुन्या गेमच्या डब्यात नखाएवढं कार्ड घालून हजारो जुने खेळ भरले आणि मला कौतुकाने दाखवले. सगळे खरोखर वेगवेगळे. यादी संपेचना. आणि कुठेही थांबलं तरी तो क्षण जपून ठेवता येतो, हव्या त्या दिवशी तिथूनच पुढे. मी त्याला शाबासकी दिली, पण मनात मला त्या यंत्राचा रागच आला. काकूकडे हे असतं तर तिने गाव एकदाच काढलं असतं. रोज नव्याने काढताना तिला रोज काहीतरी नवं आठवायचं आणि ते ती मला सांगायची. चिंचेखालचा रांजण, आंधळी म्हैस, पावसाळ्यात घाटाच्या वरच्या पायरीपर्यंत चढलेलं पाणी. हे सगळं मला मिळालं ते लाईट जायची म्हणून.

दिवाळीही तशीच गेली. भाऊबिजेला काकूने चंद्राला ओवाळलं. आबा ओट्यावरून बघत होते आणि बघत नसल्यासारखं करत होते. "सापडला का?" हे विचारणं त्यांनी त्यानंतर बंद केलं.

संक्रांतीच्या आसपास, ऊसतोडीच्या दिवसांत, आबा एका दुपारी मळ्यातून लवकर आले आणि आमच्या मागे बाजेवर टेकले. आम्ही घाटावर बसलो होतो. ते आल्याचं आम्हाला कळलंच नाही.

"ह्यो कोंचा खेळ?"

काकू दचकून उठायला लागली. "बस, बस," आबा म्हणाले. "कोंचा हाय ह्यो? आपून ह्यो बघितला न्हवता."

"पुणतांबा हाय, आबा," मीच सांगितलं, आणि सांगायला लागले ते थांबलेच नाही. नदी दाखवली, घाट दाखवला, रेल्वे दाखवली. आबा डोळे बारीक करून बघत होते. त्यांनी पुणतांबं चांगलं पाहिलेलं होतं. मध्येच म्हणाले, "देऊळ जरा अलीकडं पायजे." काकूने मान हलवली. मग त्यांनी नदीपलीकडे बोट केलं. "आनि ह्ये कोन?"

"ते पलीकडचे. त्यांना इकडं येता येत न्हाई. काकूनं पूलच ठिवला न्हाई."

"का गं?" आबांनी काकूला विचारलं. "पूल का न्हाई ठिवला?"

काकू पडद्याकडेच बघत होती. आमच्या घरात येऊन तिला आठ-नऊ महिने झाले असतील, तेवढ्या दिवसांत मी तिला आबांशी कामापलीकडचं बोलताना ऐकलं नव्हतं.

"पूल ठिवून तरी कोन येतंय, आबा," ती म्हणाली.

काकूने डोळ्याला पदर लावला, मला काय करावं कळेना म्हणून मी माझा रणगाडा उगाच गोल गोल फिरवत राहिले. आबा खाकरले.

"ह्यो खेळ तुझ्या चुलत्यानं बघितला हुता का?"

"न्हाई."

"यादीत हाय?"

"यादीत कसा असंल? मीच केलाय."

"मंजी नवा हाय."

काकूने वळून त्यांच्याकडे बघितलं. "नवा हाय," ती हळूच म्हणाली.

"मग झालं तर," म्हणून आबा उठले आणि बैलांना पाणी दाखवायला गेले.

दुसऱ्या दिवशी सकाळी त्यांनी धुतलेलं धोतर नेसलं, माझ्या आईला तिळाचे लाडू बांधायला सांगितलं आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाले, "एक नवा खेळ सापडलाय. पुणतांबेकरांस्नी दावून येतो. सूनबाईला संगं न्यावं लागंल, तिच्याबिगर तो कोनाला चालवता येत न्हाई." कुणी हसलं नाही. काका तर देवघराकडे बघून नमस्कारच करत होते. दुसरा रिमोट चालवायला म्हणून मलाही घेतलं, आणि त्या नेमणुकीने माझी मान ताठ झाली.

पुणतांब्यात काकूच्या दारासमोर आबा ओट्याखालीच उभे राहिले. सगळे खेळ दाखवल्याशिवाय पाऊल टाकणार नाही म्हणाले होते ना. काकूचे वडील बाहेर आले.

"सगळे न्हाई दावता येत," आबा म्हणाले. "एकच आनलाय. पर तो तुमच्याकडं कोनी बघितलेला न्हाई."

काकूच्या वडिलांनी त्यांच्या हातातला डबा घेतला. "आदी आत या," म्हणाले. संपलं भांडण.

घर भरलं. तिखट चुलतेही आले. काकू टीव्हीसमोर बसली आणि काढायला लागली. त्यांचा टीव्ही रंगीत होता. आमच्याकडे राखाडी असलेलं पाणी तिथे निळं झालं, झाडं हिरवी झाली, विटा तांबड्या. लोक ओळखू लागले. "आरं, घाट ह्यो!" "मारुती कुठं ठिवला?" चुलते म्हणाले, "माझं घर कुठाय गं?" आणि काकूने त्यांच्यासाठी दोन विटा वाढवल्या. सगळे तिला हाका मारत होते, पण मला माहीत असलेल्या नावाने नाही. लग्नात आमच्याकडे तिचं नाव बदललं होतं. आमच्या घरी तिला दोनदा हाक मारावी लागायची, आणि मला वाटायचं तिला जरा कमी ऐकू येतं. इथे ती पहिल्याच हाकेला वळत होती. मोठ्याने हसत होती. ती इतक्या मोठ्याने हसते हे मला ठाऊकच नव्हतं.

बांधकाम झालं. मी पुढे सरकून दुसऱ्या रिमोटला हात घातला, तेवढ्यात तो उचलला गेला. काकूचा भाऊ तिच्या शेजारी येऊन बसला होता. गेम त्याचाच होता, कानपिळीचा, त्यात काही चूक नव्हती. "चल," काकू म्हणाली, "नदीवर जाऊन येऊ." त्याला तिने काही दाखवलं नाही, सांगितलं नाही. तो तिच्या पुढे निघून गेला, देवळावरून, न विचारता. घाटावर पोचून दोघंही थांबले, आणि त्याने "आता काय करायचं" असं विचारलं नाही.

काकू महिनाभर तिथेच राहिली. मी आणि आबा संध्याकाळच्या एस.टी.ने परत निघालो. आबा फार खूश होते, भेटेल त्या ओळखीच्या माणसाला नवा खेळ सापडल्याचं सांगत होते. श्रीरामपूर मागे पडलं तेव्हा मला रडू फुटलं. आबांना वाटलं गेम गेला म्हणून रडते. त्यांनी माझ्या डोक्यावर हात ठेवला. "रडू नगं. तुला दुसरा आनू. ह्याच्यापरीस जास्त खेळांचा."

आबांनी तोही शब्द पाळला. नवा डबा आला, सोबत नवी कॅसेट आली, तिच्यावरचा आकडा मला एका दमात वाचता आला नाही. मग भाऊ काकूला पोचवायला आला. ती अंगाने भरली होती, माझ्यासाठी बोरं आणली होती. मी तिच्या हातात रिमोट दिला आणि म्हणाले, "पुणतांबा काढ ना."

ती हसली. "आता कशाला गं? कालच तर आले तिथनं."

आम्ही रणगाड्यांचा साधा खेळ खेळलो. ती भराभर जिंकत गेली, एकही रणगाडा खाली येऊ दिला नाही. मला आनंद व्हायला हवा होता. तिचा जीव आता कशातच अडकलेला नव्हता, तिला माझ्याशी बोलायची गरज उरली नव्हती. मला मात्र ती माहेरासाठी तरसणारी काकू हवी होती, घाटावर "बसायचं जरा" म्हणणारी. हे मी कुणाला सांगणार होते?

भाजी टाकायची म्हणून ती उठून गेली. मी तिसरी ओळ निवडली, नदी काढली, घाट बांधला, तिने सांगितलेल्या आळ्या जमतील तशा लावल्या आणि दोघांचा खेळ सुरू केला. माझा रणगाडा देवळावरून घाटापर्यंत नेला आणि तिथे थांबवला. आतून फोडणीचा आवाज येत होता, काकू काहीतरी गुणगुणत होती. दुसरा रणगाडा खाली, पक्ष्याच्या शेजारी, सुरुवातीला होता तिथेच उभा होता.